पुढच्या पुस्तकाचा पत्ता

प्रश्न थोडक्यात असा: विचारणारे भांडुपला राहतात, नोकरी फोर्टात. पु. ल., व. पु., ‘स्वामी’, ‘मृत्युंजय’, ‘छावा’ हे सगळं वाचून झालंय. आता साहित्य, राजकारण आणि विनोद या तिन्हींतलं जरा वेगळं काही वाचायचंय, पण जिथे विचारावं तिथे त्याच पंधरा-वीस नावांची यादी हातात पडते. वेळ कमी, घरात जागा त्याहून कमी. सुरुवात कुठून करू?

मी पूर्व उपनगरातल्या एका सार्वजनिक वाचनालयात देवघेवीच्या खिडकीवर नोकरीची बरीचशी वर्षं काढली आहेत. तिथून जे दिसतं ते सांगतो.

आधी त्या तीन खणांबद्दल. साहित्य, राजकारण, विनोद या पाट्या आम्ही लावतो त्या आमच्या सोयीसाठी. वाचनालयात पुस्तकांना विषयवार आकडे देणाऱ्या ड्यूई दशांश पद्धतीत राजकारण ३२० वर जातं, मराठी साहित्य ८९१.४६ वर, आणि विनोदाला त्याच साहित्याच्या पोटात सातवा आकडा मिळतो. पुस्तकाला मात्र हे माहीत नसतं. अरुण साधूंची ‘सिंहासन’ १९७७ची. मुख्यमंत्र्यांची खुर्ची, तिच्यावर डोळा ठेवून बसलेले मंत्री, कामगारांचा पुढारी, हे सगळं बघत फिरणारा पत्रकार. मंत्रालयात निर्णय कसे होतात हे समजून घ्यायला तिच्याइतकं चांगलं पुस्तक ३२०च्या खणात क्वचित सापडेल, पण ती असते कादंबऱ्यांत. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ आत्मचरित्रांत असतात, म्हणून विनोद मागणाऱ्याला ती कुणी देत नाही. ताराबाई शिंद्यांचं ‘स्त्रीपुरुष तुलना’ तर समाजशास्त्राच्या कपाटात धूळ खात पडलेलं असतं. १८८२ सालचं हे छोटं पुस्तक म्हणजे पुरुषांना त्यांच्याच तोंडचे दोषारोप एकेक करून परत केलेत, आणि तेही असे टोमणे मारत की वाचताना आधी हसू येतं, मग चेहरा गंभीर होतो. जोतीराव फुले त्या काळी ताराबाईंच्या पाठीशी उभे राहिले. नंतर पुस्तक विस्मरणात गेलं ते १९७५मध्ये स. गं. मालश्यांनी पुन्हा छापून आणेपर्यंत. साहित्य, राजकारण, विनोद तिन्ही एकाच जागी हवं असेल तर हे घ्या. दोन संध्याकाळींत वाचून होतं.

तर पाटी बघून शोधू नका. पुस्तक बघून शोधा. दर चांगल्या पुस्तकात पुढच्या तीन-चार पुस्तकांचा पत्ता छापलेला असतो, फक्त लोक ती पानं उलटून सरळ पहिल्या प्रकरणावर जातात.

ती पानं म्हणजे: प्रकाशकाचं नाव, अर्पणपत्रिका, प्रस्तावना कुणाची, ऋणनिर्देशात कुणाकुणाचे आभार, आणि बारीक अक्षरांत ‘पूर्वप्रसिद्धी’ म्हणून कुठल्या मासिकांची नावं. शेवटी संदर्भसूची असली तर दुधात साखर.

नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ हा कवितासंग्रह घ्या, १९७२चा. प्रस्तावना विजय तेंडुलकरांची. तेंडुलकर मुंबईतल्या गोलपिठा या वेश्यावस्तीत ढसाळांबरोबर फिरले, अडलेल्या शब्दांचे अर्थ त्यांना विचारले आणि मग लिहिलं. एक मध्यमवर्गीय नाटककार स्वतःच्या शहरातल्या अनोळखी भागात शिरताना कसा बिचकतो, हे त्या प्रस्तावनेत दिसतं. कविता पहिल्या खेपेला झेपल्या नाहीत तरी प्रस्तावना वाचाच. इथून एक वाट तेंडुलकरांच्या नाटकांकडे जाते, ती तुम्हाला कुणीही दाखवेल. दुसरी जाते मल्लिका अमरशेख यांच्या ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’कडे. कवीशी संसार केलेल्या बाईने १९८४मध्ये लिहिलेलं हे आत्मचरित्र, तिथे दलित पँथर चळवळीतला नेता घरात कसा होता ते समोर येतं. ही दोन पुस्तकं लागोपाठ वाचल्यावर दलित पँथरबद्दल वर्तमानपत्री मतं द्यायला जीभ जरा अडखळते. मल्लिकाबाई शाहीर अमर शेखांची मुलगी. अमर शेख म्हटलं की लाल बावटा कलापथक, आणि तिथे अण्णा भाऊ साठे भेटतात. ‘फकिरा’ उघडा: अर्पण बाबासाहेब आंबेडकरांच्या झुंजार लेखणीला, आणि प्रस्तावना वि. स. खांडेकरांची. कम्युनिस्ट कलापथकातला शाहीर, अर्पण आंबेडकरांना, प्रस्तावना खांडेकरांची. पन्नाशीच्या दशकातल्या मराठी जगाचा नकाशाच पहिल्या चार पानांत मांडलाय. एका कवितासंग्रहावरून निघून तुम्ही आत्मचरित्र, शाहिरी आणि कादंबरी करत इथवर आलात, आणि यादी कुणाची लागली नाही.

याद्यांत तीच नावं का येतात, याचं कारण साधं आहे. मराठी पुस्तकाची आवृत्ती वर्षानुवर्षं हजार-अकराशे प्रतींची निघत आली. ती संपली की दुसरी निघेलच असं नाही. दुकानात जी सतत पुनर्मुद्रित होतात तीच दिसतात, दिसतात म्हणून खपतात, खपतात म्हणून यादीत येतात. बाकीची वाईट होती म्हणून गेली नाहीत. ती आता वाचनालयात, रद्दीत किंवा कुणाच्या तरी माळ्यावर आहेत.

प्रकाशकाचं नाव लक्षात ठेवायची सवय लावा. आमच्याकडचे मुरलेले वाचक लेखक माहीत नसला तरी प्रकाशक बघून पुस्तक उचलतात. मुंबईत तर हे फारच सोपं, कारण इथल्या प्रकाशनांचे स्वभाव अगदी वेगवेगळे आहेत. गिरगावातलं मौज: श्री. पु. भागवतांनी घासूनपुसून घेतलेलं साहित्य. किरण नगरकरांची ‘सात सक्कं त्रेचाळीस’ १९७४मध्ये मौजेनेच काढली. मौज म्हणजे सोवळं असं समजणाऱ्यांनी ती जरूर वाचावी. ग्रंथाली वाचक चळवळ म्हणून सुरू झाली, आणि दया पवारांचं ‘बलुतं’ (१९७८), लक्ष्मण मान्यांचं ‘उपरा’ (१९८०) तिने घरोघरी पोचवलं. पुढे ऊर्मिला पवारांचं ‘आयदान’ (२००३) तिथलंच. प्रभादेवीचं लोकवाङ्मय गृह डाव्या विचारांचं, पण सतीश काळसेकरांची ‘वाचणाऱ्याची रोजनिशी’ही तिथली. साहित्य अकादमी मिळालेलं हे पुस्तक मुळात एका माणसाच्या वाचनाच्या नोंदी आहेत. ते हातात पेन्सिल घेऊन वाचा, वर्षभराची बेगमी होते. अशोक शहाण्यांच्या प्रास प्रकाशनाकडे मोजकी पुस्तकं, पण त्यात अरुण कोलटकर. पॉप्युलर, मॅजेस्टिक, अलीकडचं शब्द, यांच्याबद्दल वेगळं लिहीत बसत नाही. एकेक पुस्तक वाचलंत की स्वभाव कळेल.

आता राजकारण. इथे लोकांची गाडी एका ठिकाणी हमखास अडते: आपल्याला पटणाऱ्या बाजूचं वाचायचं आणि दुसऱ्या बाजूचं कुणीतरी केलेलं खंडन वाचायचं. त्यापेक्षा एक घटना धरा आणि ती वेगवेगळ्या तोंडांतून ऐका. मुंबईकराला सगळ्यात जवळची घटना म्हणजे संयुक्त महाराष्ट्राचा लढा. तुम्ही रोज हुतात्मा चौकावरून जात असाल. अत्र्यांचं ‘कऱ्हेचे पाणी’, एस. एम. जोशींचं ‘मी एस. एम.’, प्रबोधनकार ठाकऱ्यांची ‘माझी जीवनगाथा’, तिघेही त्या लढ्यातले आणि तिघांचा सूर इतका निराळा की वयाने, स्वभावाने, पक्षाने वेगळी माणसं एका व्यासपीठावर कशी बसली असतील याचंच नवल वाटतं. अत्रे स्वतःला मध्यभागी ठेवून लिहितात, एस. एम. स्वतःला बाजूला ठेवून. पलीकडच्या बाजूचे यशवंतराव चव्हाण. त्यांचं ‘कृष्णाकाठ’ १९४६पाशी थांबतं, त्यामुळे लढ्याबद्दल त्यात काही सापडणार नाही, पण हा माणूस घडला कसा ते कळतं. मला स्वतःला यातलं एस. एम. यांचं सगळ्यात आवडतं, आणि खिडकीवर सगळ्यात कमी मागितलं जातं तेही तेच.

दुसरी घटना गिरणी संपाची. १८ जानेवारी १९८२ला संप सुरू झाला, हे वाक्य सगळ्यांना पाठ. जयंत पवारांचं ‘अधांतर’ नाटक वाचा, मग त्यांच्या कथा वाचा. त्यानंतर नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी गिरणगावातल्या माणसांच्या तोंडून गोळा केलेला इतिहास वाचा. मूळ इंग्रजी २००४चं, मराठीतही आलंय. कथेतली माणसं आणि मुलाखतींतली माणसं एकमेकांत मिसळून जातात. आणि नारायण सुर्व्यांच्या ज्या कविता शाळेत पाठ्यपुस्तकात होत्या म्हणून कंटाळवाण्या वाटल्या होत्या, त्या आता पुन्हा काढून बघा.

राजकीय पुस्तकांसाठी मुंबईत एक जागा अशी आहे की तिच्या तोडीचं दुसरं काही मला माहीत नाही. ६ डिसेंबरला शिवाजी पार्कवर लागणारे पुस्तकांचे स्टॉल. चैत्यभूमीला आलेली माणसं गावाकडून भाकरी बांधून आणतात आणि परत जाताना पिशवीत पुस्तकं नेतात. तिथे मोठ्या ग्रंथांइतकीच चोपडी महत्त्वाची: एखाद्या गावच्या सत्याग्रहाची हकिकत, एखाद्या कार्यकर्त्याने स्वखर्चाने छापलेलं आत्मचरित्र, जलशांची गाणी. यातलं बरंचसं कुठल्याही दुकानात येत नाही आणि वाचनालयांतही फारसं येत नाही, कारण शासनमान्य ग्रंथांच्या यादीवरून खरेदी करणाऱ्यांच्या नजरेला ते पडतच नाही. ‘आयदान’ आवडलं असेल तर ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांचं ‘आम्हीही इतिहास घडवला’ विचारा. आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांवरचं हे पुस्तक १९८९चं आहे आणि त्यातल्या म्हाताऱ्या बायकांच्या मुलाखती वाचताना पुष्कळ नेत्यांची आत्मचरित्रं फिकी वाटू लागतात. गर्दीचा धसका घेऊ नका. सकाळी लवकर जा, सुटे पैसे ठेवा.

बाबासाहेबांच्या स्वतःच्या लेखनाचे आणि भाषणांचे शासनाने काढलेले खंड चर्नी रोडच्या शासकीय ग्रंथागारात स्वस्तात मिळतात, शिल्लक असले तर. साहित्य आणि संस्कृती मंडळाची पुस्तकंही कमी किमतीची, आणि त्यातली बरीच मंडळाच्या संकेतस्थळावर फुकट उतरवून घेता येतात. घरात जागा नाही म्हणालात ना, त्यावर हा एक उपाय.

विनोदाबद्दल जरा सविस्तर लिहितो, कारण यात सगळ्यात जास्त गल्लत होते. ‘पु. लं.सारखं द्या’ ही मागणी आम्हाला दिवसाआड ऐकू येते. पु. लं.सारखं पु. ल.च लिहीत, त्यांची नक्कल करणाऱ्यांची मराठीत जी खोगीरभरती झाली तिच्यामुळेच लोकांचा विनोदावरचा विश्वास उडाला. पु. लं.च्या मागे जा. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर, त्यांना गुरू मानणारे आणि ‘बाळकराम’ नावाने विनोद लिहिणारे गडकरी, मग चिं. वि. जोशी. कोल्हटकरांची भाषा आज जड वाटेल, तेव्हा उलट्या क्रमाने जा: आधी चिं. विं.चा चिमणराव, मग बाळकराम, मग कोल्हटकरांचे ‘सुदाम्याचे पोहे’. हे सगळं फुकट वाचता येतं. आपल्याकडे लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षांनी त्याच्या लेखनावरचा हक्क संपतो. चिं. वि. १९६३मध्ये गेले, म्हणजे २०२४पासून चिमणराव सगळ्यांचा झाला. याच हिशेबाने ‘सख्याहरी’ या नावाने लिहिणारे दत्तू बांदेकरही मोकळे आहेत. मुंबईच्या फुटपाथवरचा, इराण्याच्या हॉटेलातला विनोद त्यांच्याइतका चांगला फार थोड्यांनी लिहिला, आणि त्यांच्याइतकं चटकन विसरलंही फार थोड्यांना गेलं.

पण माझा खरा सल्ला असा की विनोद विनोदी पुस्तकांबाहेर शोधा. ‘स्मृतिचित्रे’ वाचताना लक्ष्मीबाई नवऱ्याला ज्या नजरेने बघतात ती बघा. नवरा म्हणजे ना. वा. टिळक, कवी, मनाने मोठा माणूस, पैसा हातात आला की कुणाला तरी देऊन मोकळा होणारा, न सांगता घरातून निघून जाणारा. हे सगळं भोगलेली बाई ते सांगताना कुठेही रडगाणं गात नाही, हसवते. पुण्या-मुंबईच्या विनोदी लेखकांनी स्त्रीच्या वेंधळेपणावर पानंच्या पानं भरली त्याच सुमारास, १९३४पासून, ही बाई नवऱ्याच्या वेंधळेपणावर लिहीत होती.

चाळीचंही तसंच. ‘बटाट्याची चाळ’ सगळ्यांनी वाचलेली असते. तिच्यानंतर लगेच भाऊ पाध्यांची ‘वासूनाका’ वाचा, १९६५ची. नाक्यावरची पोरं, त्यांचीच भाषा, आणि एक अंगावर येणारा विनोद. अत्र्यांनी तिच्यावर अश्लील म्हणून तोफ डागली होती. आमच्या वाचनालयातल्या प्रतीत एका वाचकाने समासात पेन्सिलीने ‘भिकार’ असं लिहिलंय आणि खाली दुसऱ्या अक्षरात ‘तरी दीडशे पानं वाचलीस?’ पुस्तकावर लिहू नये हा नियम आहेच, पण ती पेन्सिल काही मी खोडली नाही.

आता एक हत्यार सांगतो जे फार कमी जण वापरतात. १९६४पासून निघणारं ‘ललित’ मासिक, त्याचे जुने बांधीव अंक. त्यात जयवंत दळवी ‘ठणठणपाळ’ नावाने सदर लिहीत, सोबत वसंत सरवट्यांची चित्रं. साहित्यिकांची यथेच्छ टिंगल. आज वाचताना निम्मे संदर्भ कळत नाहीत आणि तिथेच तर मेख आहे: ज्या लेखकाची टोपी उडवली आहे त्याचं नाव कागदावर टिपा आणि ते पुस्तक मागवा. विनोदी सदर वाचता वाचता साठ-सत्तरच्या दशकातल्या साहित्याची सूची तयार होते, आणि ती कुठल्याही प्राध्यापकाच्या सूचीपेक्षा लक्षात राहते. शिवाय पुढे-मागे नव्या पुस्तकांच्या जाहिराती असतात, त्याही वाचा.

दिवाळी अंक हा दुसरा मार्ग. मुंबईत का. र. मित्रांनी १९०९मध्ये ‘मनोरंजन’चा पहिला काढला, तेव्हापासून मराठी वाचकाला नवं नाव पहिल्यांदा भेटतं ते बहुधा इथेच. ‘आवाज’ खिडकीचित्रांसाठी घेतात, पण आतल्या कथा वाचत नाहीत. एक युक्ती: नव्या लेखकाची दिवाळी अंकातली एक कथा किंवा लेख आवडला तरच त्याचं पुस्तक घ्या. फसगत निम्म्याने कमी होते.

जागांचं सांगायचं तर तुम्ही फोर्टात आहात हे तुमचं नशीब. टाउन हॉलमधली एशियाटिक सोसायटी चालत जाण्याच्या अंतरावर. चर्चगेट ते हुतात्मा चौक फुटपाथवर मराठी कमी, पण शोधणाऱ्याला लागतं. मराठीसाठी खरं ठिकाण दादर: शिवाजी मंदिरातलं मॅजेस्टिक, छबिलदासजवळचं आयडियल, आणि पूर्वेला नायगावात मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, १८९८चं. तिथल्या संदर्भ विभागात शं. ग. दात्यांची ‘मराठी ग्रंथसूची’ मागून बघा. १८०० ते १९५० या काळात मराठीत काय काय छापलं गेलं ते एका माणसाने दोन खंडांत गोळा केलंय. एखाद्या दुपारी नुसती चाळा. कुठलंही पान उघडलं तरी एखादं नाव असं निघतं की ते शोधल्याशिवाय चैन पडत नाही.

आणि कुठल्याही वाचनालयात गेलात तर ‘संकीर्ण’ कपाट सोडू नका. जे कुठेच बसत नाही ते आम्ही तिथे टाकतो: एखाद्या डॉक्टरच्या आठवणी, ट्रामच्या कंडक्टरचं पुस्तक, कुठल्या तरी संस्थेचा सुवर्णमहोत्सवी अंक. पुस्तकाच्या शेवटी चिकटवलेला तारखांचा कागद बघा. लागोपाठ शिक्के असतील तर ते सगळे वाचतात, ते तुम्हाला कुठेही मिळेल. मात्र चार-पाच वर्षांतून एकदा शिक्का पडलाय आणि तरी कोपरे झिजलेले, पानं हाताळलेली आहेत, असं पुस्तक जरूर न्या. ते घरी नेणारे मोजके असतील, पण नेलं त्यांनी ते शेवटपर्यंत वाचलंय. वर्गणीत बहुतेक ठिकाणी एक पुस्तक आणि एक मासिक मिळतं. मासिकाचा हक्क जुन्या अंकांसाठी वापरा.

खिडकीवरच्या माणसाला ‘काहीतरी चांगलं द्या’ म्हणू नका. त्यावर आम्ही समोर असेल ते देतो. कुठलं पुस्तक अर्धवट टाकलंत आणि कुठल्या पानापाशी, ते सांगा. आवडलेल्या पुस्तकाबद्दल सगळे एकच बोलतात, टाकलेल्याबद्दल प्रत्येक जण खरं सांगतो. वर्णनांनी कंटाळलात, की पात्रं खोटी वाटली, की लेखक उपदेश करायला लागला, हे कळलं की पुढचं पुस्तक काढायला आम्हाला दोन मिनिटं लागतात.

तुमच्यासाठी म्हणाल तर आत्ता ‘सिंहासन’, ‘आयदान’ आणि ‘ललित’चा कुठलाही सत्तरच्या दशकातला बांधीव खंड, या क्रमाने न्या. साप्ताहिक सुट्टी आधी विचारून घ्या, आणि दिवाळीनंतरचे पहिले पंधरा दिवस येऊ नका. अंकांच्या गर्दीत खिडकीवर कुणाला बोलायला फुरसत नसते.